मुलांच्या टीव्हीवरचा रोजचा वर्णद्वेष : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पालक, शिक्षक आणि मुलांसाठी पटकथा लिहिणारी मंडळी जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, ते इथे एकत्र केले आहेत. उदाहरणं बहुतेक अमेरिकेतली, काही युरोपातली आहेत. या विषयावर मुलांच्या टीव्हीने सगळ्यात जास्त प्रयोग तिकडे केले, आणि तितक्याच चुकाही.

'रोजचा' वर्णद्वेष म्हणजे नेमका कोणता?

शिवी किंवा मारहाण कुणालाही ओळखू येते. रोजचा वर्णद्वेष हसतमुख असतो. 'तू कुठली?' 'न्यू जर्सीची.' 'तसं नाही गं, खरी कुठली?' हा त्याचा नमुना. वर्ष संपत आलं तरी एकाच मुलाचं नाव चुकीचं घेणाऱ्या बाई, न विचारता कुरळ्या केसांत हात घालणारी मैत्रीण, दुकानात पाठोपाठ फिरणारा गार्ड. एकेक गोष्ट सुटी धरली तर चिल्लर वाटते; तक्रार करावी तर 'एवढं काय त्यात?' म्हणून उडवली जाते. डच-सुरिनामी अभ्यासक फिलोमेना एसेड यांनी १९८० च्या दशकात 'रोजचा' हे विशेषण अभ्यासात रुजवलं. त्याआधी, १९७० मध्ये, हार्वर्डमधले कृष्णवर्णीय मानसोपचारतज्ज्ञ चेस्टर पिअर्स यांनी अशा बारीक ओरखड्यांसाठी 'मायक्रोअ‍ॅग्रेशन' हा शब्द घडवला होता. पिअर्स पुढच्याच उत्तरात परत भेटतील.

टीव्हीने हे कधी हाताळायला घेतलं?

१० नोव्हेंबर १९६९ ला अमेरिकेत 'सेसमी स्ट्रीट' हा लहान मुलांसाठीचा, माणसं आणि बाहुल्या एकत्र असलेला कार्यक्रम सुरू झाला. त्याच्या सल्लागारांत हेच पिअर्स होते. अक्षरं-आकडे हा उघड अभ्यासक्रम. त्याच्या आड दुसरा, न बोललेला अभ्यासक्रम होता. एका साध्या गल्लीत काळे आणि गोरे शेजारी राहतात, एकमेकांच्या पायऱ्यांवर बसतात, आणि त्याचं कुणाला नवल वाटत नाही. गॉर्डन आणि सुझन हे काळं जोडपं या गल्लीतलं वडीलधारं घर होतं. हा आडचा धडा विरोधकांना मात्र बरोबर दिसला. १९७० मध्ये मिसिसिपीच्या शैक्षणिक टीव्ही आयोगाने कार्यक्रम दाखवायचा नाही असं ठरवलं. आरडाओरड झाली आणि २२ दिवसांत निर्णय फिरला.

त्याच्या थोडं आधी, ९ मे १९६९ ला, 'मिस्टर रॉजर्स नेबरहूड' या मुलांच्या कार्यक्रमात एक अगदी लहानसा प्रसंग झाला होता. उकाड्याचा दिवस. कार्यक्रमाचे सूत्रधार फ्रेड रॉजर्स प्लास्टिकच्या छोट्या हौदात पाय सोडून बसलेत. ऑफिसर क्लेमन्स, म्हणजे कृष्णवर्णीय गायक-नट फ्रान्स्वा क्लेमन्स, येतात. या, पाय बुडवा. टॉवेल नाही आणला? माझा घ्या. एवढंच. वर्णाबद्दल एक अक्षर कुणी बोलत नाही. पण पाचच वर्षांपूर्वी, जून १९६४ मध्ये, फ्लोरिडातल्या सेंट ऑगस्टीनच्या एका मोटेलच्या मालकाने काळे आंदोलक पोहत असलेल्या तलावात ॲसिड ओतलं होतं. मोठ्यांना संदर्भ कळला. मुलांना दोन माणसं पाय गार करताना दिसली, आणि तेही पुरेसं होतं.

मग नुसतं 'एकत्र राहणं' दाखवलं तर भागत नाही का?

अगदी लहान मुलांसाठी ती पायाभरणी आहे, पण भागत नाही. पडद्यावर सगळे गुण्यागोविंदाने राहतात आणि शाळेत मात्र 'तुझा हात मळलाय का?' असं कुणी विचारतं. आपल्यावर बेतलं त्याला टीव्हीवर नावच नाही, असं त्या मुलाला वाटतं. सेसमी स्ट्रीटही पुढे जास्त उघड बोलू लागलं. मार्च २०२१ मध्ये वेस हा पाच वर्षांचा काळा मुलगा आणि त्याचे बाबा एलायजा या बाहुल्या आल्या. वेसची त्वचा तपकिरी का, असं एल्मो ही कार्यक्रमातली लाल बाहुली सरळ विचारते आणि एलायजा 'मेलॅनिन' हा शब्द वापरून उत्तर देतात. प्रश्न विचारला म्हणून एल्मोला कुणी दटावत नाही, ही त्यातली सगळ्यात कामाची गोष्ट. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये जी-यंग ही कोरियन-अमेरिकन बाहुली आली. 'तुझ्या घरी परत जा' असं तिला एक मुलगा म्हणतो, पण ते वाक्य पडद्याबाहेर घडतं. आपल्याला दिसते ती सांगतानाची जी-यंग आणि ऐकणारे शेजारी. चार-पाच वर्षांच्या प्रेक्षकासाठी हे तंत्र उत्तम. दुखावणारा क्षण पाठ होत नाही, नंतरची सोबत लक्षात राहते.

प्राण्यांच्या गोष्टींतून हाच धडा सौम्यपणे देता येत नाही का?

लेखकांचा हा आवडता मार्ग आहे आणि तो बऱ्याचदा फसतो. मारी-लुईझ मेअर्स यांनी एका सहकाऱ्यासोबत २००८ मध्ये प्रसिद्ध केलेला अभ्यास पाहा. बालवाडीच्या वयाच्या मुलांना 'क्लिफर्ड' या लाल कुत्र्याच्या मालिकेतला एक भाग दाखवला. त्यात तीन पायांचा एक कुत्रा येतो, बाकीचे आधी घाबरतात, नंतर मैत्री होते. लेखकांना सांगायचं होतं, वेगळ्या दिसणाऱ्या माणसांना सामावून घ्या. मुलांनी काढलेलं तात्पर्य काय? तीन पायांच्या कुत्र्यांशी नीट वागावं! या वयात कुत्रा हा कुत्राच असतो, तो कुणाचं प्रतीक नसतो. शिवाय अशा भागात पहिली बरीच मिनिटं भीती आणि टाळाटाळ दाखवण्यात जातात, शेवटची दोन समेटात. मुलाच्या लक्षात जास्त काय राहील, याचा हिशेब सोपा आहे. पुढच्या एका अभ्यासात गोष्टीच्या मध्येच साध्या शब्दांत खुलासा घातल्यावर समज सुधारली.

जांभळ्या-निळ्या बाहुल्यांचंही तेच. सेसमी स्ट्रीटवर १९७० ते १९७५ रूझवेल्ट फ्रँकलिन नावाची एक जांभळट बाहुली होती. गॉर्डनचं काम करणारे मॅट रॉबिन्सन यांनीच ती घडवली आणि तिला आवाज दिला. तिचं बोलणं-चालणं काळ्या मुलाचं होतं. काही काळ्या पालकांना तिचा दंगेखोर वर्ग म्हणजे आपल्या मुलांची टिंगल वाटली, आणि ती बंद झाली. रंग बदलून ओळख लपत नाही. फक्त तिच्याबद्दल सरळ बोलायची सोय जाते.

'डब्याचा प्रसंग' इतक्या मालिकांत का असतो?

कारण तो खरा आहे, स्वस्त आहे आणि दोन मिनिटांत मांडता येतो. आशियाई मूल शाळेत डबा उघडतं, बाकीची नाकं मुरडतात, मूल घरी येऊन सँडविच मागतं. परदेशातल्या मराठी घरांना हे सांगायला नको. डब्यात मेथीची भाजी द्यायची की नाही, हा तिथे रोज सकाळचा प्रश्न असतो.

'फ्रेश ऑफ द बोट'च्या पहिल्या भागात (फेब्रुवारी २०१५) हा प्रसंग नीट उलगडलाय. तैवानी-अमेरिकन एडी ऑरलँडोच्या नव्या शाळेत नूडल्सचा डबा उघडतो आणि टेबलावरून हाकलला जातो. आईकडे हट्ट करून तो 'गोऱ्यांचं जेवण' मिळवतो. इतर मालिका इथेच थांबतात. ही पुढे जाते: रांगेत त्याला वांशिक शिवी घालतो तो शाळेतला एकुलता एक काळा मुलगा. इतके दिवस सगळ्यात खाली तो होता. आता खाली ढकलायला दुसरं कुणी सापडलं. एडी मारामारी करतो. मुख्याध्यापकांच्या खोलीत आई-बाबा मुलाला रागावतील असं वाटत असतानाच ते शाळेलाच विचारतात, ज्याने शिवी दिली त्याचं काय? मुलांसोबत पाहायचा असेल तर हा भाग याच खोलीतल्या प्रसंगासाठी पाहावा.

डब्याच्या प्रसंगातला दोष एवढाच, की पुष्कळदा त्याचा शेवट 'मग सगळ्यांनी चाखून पाहिलं आणि त्यांना आवडलं' असा होतो. म्हणजे पदार्थ चविष्ट निघाला म्हणून मूल स्वीकारलं गेलं. नसता आवडला तर?

पोलीस, संशय असे कठीण विषय विनोदी मालिकेत मांडता येतात का?

'फ्रेश प्रिन्स ऑफ बेल-एअर'चा १९९० मधला पहिल्याच मोसमातला 'मिस्टेकन आयडेंटिटी' हा भाग अजूनही अभ्यासाला घ्यावा असा आहे. विल गरीब वस्तीतून आलेला. त्याचा मामेभाऊ-मावसभाऊ जो काही तो, कार्लटन, श्रीमंत बेल-एअरमध्ये वाढलेला. (इंग्रजीतल्या 'कझिन'ने डबिंगवाल्यांचीही अशीच पंचाईत होते. विलची आई आणि कार्लटनची आई बहिणी, तेव्हा मावसभाऊ.) दोघं कार्लटनच्या वडिलांच्या ओळखीच्या वकिलाची महागडी गाडी घेऊन पाम स्प्रिंग्जला निघतात. रस्ता चुकतो, गाडी हळू चालते, पोलीस थांबवतात. विलला काय होणार ते आधीच ठाऊक आहे. कार्लटन मात्र साहेब मदतीला आलेत अशा थाटात गप्पा मारू लागतो. दोघं गाडीचोर म्हणून कोठडीत जातात.

खरी लढत सुटल्यानंतरची आहे. कार्लटन म्हणत राहतो, पोलिसांनी त्यांचं काम केलं, आपण फार हळू चालवत होतो, नकाशा असता तर झालं नसतं. विल त्याला सांगतो की नकाशाने किंवा बेल-एअरच्या पत्त्याने काही वाचणार नाही. शेवटी कार्लटन वडिलांना विचारतो, तुम्ही पोलीस असता तर इतकी हळू जाणारी गाडी थांबवली नसती का? मला पहिल्यांदा थांबवलं तेव्हा मीही स्वतःला हेच विचारलं होतं, एवढं बोलून वडील झोपायला जातात आणि कार्लटन एकटाच बसून राहतो. भाषण नाही, मिठी नाही. मान्य करायला तयार नसलेलं पात्र त्याच घरातलं, लाडकं आणि हुशार ठेवलं, म्हणून हा भाग चालतो. खलनायक आणून बसवला असता तर प्रेक्षक 'आपण तसे नाही' म्हणून सुटला असता.

'खास भाग' या प्रकारावर टीका का होते?

एक पाहुणं पात्र येतं, त्याच्यावर अन्याय होतो, नायक-नायिका धडा शिकतात, पाहुणा निघून जातो. पुढच्या भागात त्याचा उल्लेखही नाही. जो रोज घडतो त्याला वर्षातला एक दिवस दिला की तो 'रोजचा' राहत नाही, अपघात होतो. तपासायची सोपी खूण: ज्याच्यावर बेतलं ते पात्र आधीच्या तीन भागांत होतं का, आणि नंतरच्या तीन भागांत असतं का?

विनोद कुठे चुकतो?

'द सिम्पसन्स' या अमेरिकन कार्टून मालिकेतला भारतीय दुकानदार अपू हे सगळ्यांना माहीत असलेलं उदाहरण. त्याचे उच्चार गोऱ्या नटाचे, हँक अझारिया यांचे. पात्र तसं कष्टाळू, प्रेमळ. पण अमेरिकेत वाढणाऱ्या भारतीय मुलांना शाळेत त्याच्या उच्चारात चिडवलं जाई, आणि दुसरं भारतीय पात्र पडद्यावर शोधून सापडत नसे. विनोदी कलाकार हरी कोंडाबोलू यांनी २०१७ मध्ये यावर माहितीपट केला. २०२० मध्ये अझारिया यांनी तो आवाज देणं सोडलं.

'अमेरिकन बॉर्न चायनीज' (२०२३) या मालिकेने हाच मुद्दा कथेत ओवला. तिच्यात नव्वदच्या दशकातली एक खोटी विनोदी मालिका दाखवली आहे. तिच्यातल्या चिनी पात्राची एक ठरलेली ओळ शाळेतली मुलं व्हिडिओतून उचलतात आणि नायकाला चिडवतात. ते पात्र करणाऱ्या, आता वय झालेल्या नटाची भूमिका के हुई क्वान यांनी केली आहे, जे स्वतः लहानपणी हॉलिवूडमध्ये गाजले आणि नंतर बरीच वर्षं कामाविना राहिले. विनोदाचं बिल कोण भरतं, हे इतक्या नेमकेपणाने मुलांच्या मालिकेत फारसं आलेलं नाही.

लोकांचे अडाणी प्रश्न. उत्तर देणं मुलाचं काम आहे का?

नॉर्वेच्या 'स्काम'ने हा वाद उघडा ठेवला. २०१५ ते २०१७ मधली ही मालिका दृश्यादृश्याने संकेतस्थळावर येई. प्रसंग सोमवारी सकाळी शाळेत घडत असेल तर क्लिपही सोमवारी सकाळीच. चौथ्या मोसमाची नायिका साना, हिजाब घालणारी मुस्लिम मुलगी. तिचा मित्र इसाक तिला म्हणतो, लोकांचे मूर्ख प्रश्न सहन कर आणि उत्तर दे, नाहीतर ते उत्तरं स्वतःच बनवतील. अनेकांना हे शहाणपण वाटलं. बऱ्याच प्रेक्षकांनी उलट विचारलं, की रोज परीक्षा देणाऱ्यालाच आणखी अभ्यास का? आमचं मत दुसऱ्या बाजूला झुकतं. पण वर्गात चर्चेला घ्यायला हा प्रसंग छान, कारण दोन्ही बाजूंना मुलं मिळतात.

वर्गात एखादा भाग दाखवायचा तर कसा?

४५ मिनिटांचा तास आणि २२ मिनिटांचा भाग धरून:

१. आदल्या दिवशी स्वतः पूर्ण पाहा. शिवी किंवा मारहाण कोणत्या मिनिटाला येते ते लिहून ठेवा.
२. सुरुवातीची ५ मिनिटं: जागा, काळ, कोण कुणाचं कोण. 'आज आपण वर्णद्वेषावर शिकणार' असं जाहीर करू नका. मुलं लगेच चांगली उत्तरं द्यायला बसतात.
३. मध्ये एकदाच थांबा, दुखावणारा प्रसंग झाल्या-झाल्या. २ मिनिटं. प्रश्न एकच: 'आत्ता काय घडलं?' वाटलं काय ते नंतर. आधी घडलं काय यावरच वर्गात दोन तट पडतील.
४. नंतरची १५ मिनिटं: आजूबाजूला कोण उभं होतं? त्यांनी काय केलं? काय करता आलं असतं?
५. शेवटचं एक मिनिट चिठ्ठीला. नाव न लिहिता एक ओळ.

सगळ्यात जास्त चुकतं ते हे: वर्गात एकच नागा, सिद्दी किंवा आफ्रिकी मूल असतं आणि सगळा वर्ग, बाईंसकट, त्याच्याकडे बघतो. 'तुला काय वाटतं सांग ना' असं त्याला विचारू नका. त्याने आपणहून हात वर केला तर गोष्ट वेगळी. आणि प्रसंगाची नक्कल करून घेऊ नका. शिवी देण्याची 'भूमिका' मधल्या सुट्टीतही चालू राहते.

घरी लहान मुलांसोबत? नुसतं लावून दिलं तर चालेल?

नाही. टेक्सासमध्ये बिर्गिट व्हिट्रप यांनी पाच ते सात वर्षांच्या गोऱ्या मुलांच्या घरी बहुवांशिक कार्यक्रम पाठवले आणि काही पालकांना मुलांशी त्यावर बोलायला सांगितलं. नुसत्या बघण्याचा परिणाम नगण्य निघाला. आणि बोलायला सांगितलेले बहुतेक पालक धड बोललेच नाहीत. 'सगळे सारखेच असतात' इथे गाडी थांबली. मुलाला दिसतंय की सगळे सारखे दिसत नाहीत. त्यामुळे हे वाक्य त्याला 'या विषयावर बोलायचं नाही' असं ऐकू येतं. 'तिचा रंग आपल्यापेक्षा गडद आहे, आणि त्यावरून त्याने तिला चिडवलं. ते चूक होतं' हे एवढं बोललं तरी काम होतं.

शिवी ऐकून मूल तीच शिकणार नाही का?

सात वर्षांखाली हा धोका खरा आहे. शिवी पडद्याबाहेर ठेवणारे भाग निवडा. दहाच्या पुढच्यांना ती बहुधा आधीच माहीत असते.

आवडत्या जुन्या कार्यक्रमाचं काय करायचं?

नेदरलँड्समध्ये मुलांसाठी सिंटरक्लासच्या (मुलांना भेटी देणारा, सांताक्लॉजसारखा म्हातारा) खोट्या बातम्यांचा कार्यक्रम दरवर्षी लागतो. सिंटरक्लासचे मदतनीस 'झ्वार्टे पीट' चेहरा काळा फासून, लाल ओठ रंगवून येत. वर्षानुवर्षं भांडणं झाली. २०१९ पासून या कार्यक्रमात फक्त गालावर काजळीचे फराटे असलेले पीट आले. कारण ते धुराड्यातून उतरतात! गोष्टीतलंच कारण वापरून गोष्ट सुधारली. मुलांनी मोठ्यांपेक्षा कमी कटकट केली.

भारतात हा विषय टीव्हीवर येतो का?

मराठीत शब्दापासूनच गोंधळ आहे. 'वर्ण' म्हणजे रंग आणि 'वर्ण' म्हणजे चातुर्वर्ण्य. वंशभेदाविरुद्धच्या संयुक्त राष्ट्रांच्या २००१ च्या डर्बन परिषदेत जातीला वंशभेदाबरोबर घ्यावं की नाही यावर मोठा वाद झाला. भारत सरकारचा त्याला विरोध होता. मुलांचा टीव्ही तर जातीचं नाव काढतच नाही.

रंगाबद्दल मात्र सतत बोललं जातं, पण वेगळ्या नावांनी: गोरीपान, निमगोरी, गव्हाळ, 'सावळी पण नाकीडोळी नीटस'. त्यातला 'पण' मुलं बरोबर ऐकतात. 'उन्हात खेळू नको, काळी पडशील' हे तर घरोघरचं. 'छोटा भीम'मधल्या दांडगट पोराचं नाव कालिया आहे, हे किती पालकांना खटकलं? स्टार प्रवाहच्या 'रंग माझा वेगळा'ने (२०१९–२०२३) सावळ्या सुनेची व्यथा घराघरात नेली. मुलंही दिवाणखान्यात बसून ती बघत होती. नायिकेला मेकअपने सावळं केलं होतं. मालिकेचा मुद्दा आणि तिची पात्रनिवड यांचं इथे जमलं नाही, असं आमचं स्पष्ट मत आहे. रंग उजळवणाऱ्या क्रीमसारख्या उत्पादनांच्या जाहिरातींसाठी २०१४ पासून एएससीआयची (जाहिरात क्षेत्राची स्वयंनियमन संस्था) मार्गदर्शक तत्त्वं आहेत: गडद रंगाचं माणूस दुःखी किंवा अपयशी दाखवायचं नाही. २०२० मध्ये 'फेअर अँड लव्हली'चं नाव 'ग्लो अँड लव्हली' झालं. ट्यूब तीच.

ईशान्येकडच्या विद्यार्थ्यांना पुण्या-मुंबईत पडणारी नावं सगळ्यांना माहीत आहेत; २०२० मध्ये त्यांत 'कोरोना'ची भर पडली. २०१४ मध्ये दिल्लीत अरुणाचलच्या एका विद्यार्थ्याच्या केसांवरून झालेली टिंगल त्याच्या मृत्यूपर्यंत गेली, तेव्हा ईशान्येकडच्या लोकांच्या तक्रारी पाहायला बेझबरुआ समिती नेमली गेली. मराठी किशोरांच्या मालिकेत शेजारच्या खोलीत राहणारी मणिपुरी मुलगी नेहमीचं पात्र म्हणून यायला अजून वाव आहे. मोमो न विकणारी.

पटकथा तपासताना काय पाहावं?

दुखावणाऱ्या वाक्यानंतर कॅमेरा कुणाच्या चेहऱ्यावर जातो? दुखावणारा रडू लागला आणि दुखावलेलीच त्याचं सांत्वन करू लागली, तर प्रसंग उलटा झालाय; पुन्हा लिहा. तक्रार ऐकणारा मोठा माणूस काही करतो, की नुसता 'दुर्लक्ष कर' म्हणतो? दुखावलेल्या पात्राला या विषयाखेरीज एखादा छंद, भांडण, चूक आहे का? आणि शेवटचं वाक्य कुणाचं?

भाग अर्धवट बंद करावा लागला तर?

घंटा होते, वीज जाते, पाहुणे येतात. दुखावणाऱ्या प्रसंगावर थांबू नका. त्या दिवशी मूल तेवढंच घेऊन जातं. वेळ कमी दिसला तर सुरुवातच करू नका. वीजच गेली तर उरलेली गोष्ट तोंडी सांगून टाका, रहस्य फुटलं तरी चालेल, आणि दुसऱ्या दिवशी तो प्रसंग गाळून पुढून लावा.